मालमत्तेचे नोंदणीकृत मूल्यांकनकार व्हायचंय? वारंवार विचारले जाणारे प्रश्न

सिव्हिल इंजिनीअर, आर्किटेक्ट, निवृत्तीला आलेले सरकारी अभियंते आणि अधूनमधून एखादे वकील किंवा सीए यांच्याकडून येणारे प्रश्न इथे एकत्र केले आहेत. सगळी चर्चा भारतातल्या 'जमीन आणि इमारत' या वर्गापुरती आहे आणि कागदपत्रांची उदाहरणं महाराष्ट्रातली आहेत. एका प्रश्नाचं उत्तर दुसरीकडे आलं असेल तिथे त्या प्रश्नाचा क्रमांक दिला आहे.

१. मूल्यांकनकार नेमकं काय करतो? किंमत तर इस्टेट एजंटही सांगतो.

एजंट भाव सांगतो तो सौदा जुळावा म्हणून. त्याचं कामच ते आहे. मूल्यांकनकाराचा सौद्याशी काही संबंध नसतो. अमुक तारखेला, अमुक कारणासाठी या मालमत्तेचं मूल्य किती, याबद्दल तो लेखी मत देतो, ते मत कशावरून बनलं हे दाखवतो आणि खाली सही करतो. पुढे बँक, प्राप्तिकर खातं किंवा न्यायालय त्या सहीबद्दल त्याला प्रश्न विचारू शकतं.

यातलं 'अमुक कारणासाठी' हे नीट लक्षात ठेवा. या व्यवसायातल्या निम्म्या प्रश्नांची उत्तरं त्यातूनच मिळतात. तोच फ्लॅट गृहकर्जासाठी मोजला, थकीत कर्जाच्या लिलावासाठी मोजला आणि भावाभावांच्या वाटणीसाठी मोजला, तर आकडे वेगळे येऊ शकतात आणि तरीही तिन्ही बरोबर असू शकतात. लिलावात गिऱ्हाईक शोधायला वेळ नसतो, वाटणीत विक्री होणारच नसते. म्हणून फोन आला की पहिला प्रश्न 'कुठली मालमत्ता?' हा नको, 'कशासाठी हवंय?' हा हवा.

२. लायसन्स नेमकं कोण देतं? कुणी इन्कम टॅक्सचं म्हणतं, कुणी आयबीबीआयचं.

दोन्ही खरं आहे. नोंदणीचे दोन वेगळे रस्ते आहेत आणि कामाच्या कारणानुसार कुठला लागेल ते ठरतं.

जुना रस्ता संपत्ती कर कायदा, १९५७ च्या कलम ३४अब मधून आला. बोलताना लोक 'गव्हर्नमेंट अप्रूव्हड व्हॅल्युअर' म्हणतात तो हा. संपत्ती कर २०१६-१७ या कर निर्धारण वर्षापासून बंद झाला, पण मूल्यांकनकारांची ही नोंदणी प्राप्तिकराच्या, विशेषतः भांडवली नफ्याच्या कामासाठी टिकून राहिली. बँकांच्या पॅनलसाठीही वर्षानुवर्षं हीच मागितली गेली. आता प्राप्तिकर कायदा, २०२५ लागू झाला आहे, त्यामुळे अर्ज करण्याआधी सध्याचा नमुना आणि नियम पाहून घ्या.

नवा रस्ता कंपनी कायदा, २०१३ च्या कलम २४७ चा. हे कलम आणि त्याखालचे कंपनी (नोंदणीकृत मूल्यांकनकार आणि मूल्यांकन) नियम, २०१७ हे १८ ऑक्टोबर २०१७ पासून अमलात आले. नोंदणीचे अधिकार भारतीय नादारी व दिवाळखोरी मंडळाकडे, म्हणजे आयबीबीआयकडे दिले गेले. कंपनी कायद्याखालचं आणि नादारी व दिवाळखोरी संहिता, २०१६ खालचं मूल्यांकन याच नोंदणीच्या माणसाने करायचं. आधीपासून काम करणाऱ्यांना ३१ जानेवारी २०१९ पर्यंत मुभा होती, त्यानंतर तीही संपली.

दोन्ही नोंदण्या एकाच माणसाकडे असायला हरकत नाही, अनेकांकडे असतात. तरुण इंजिनीअरला मी आधी आयबीबीआयचा रस्ता धरायला सांगतो. तिथे पदवीनंतर पाच वर्षांचा अनुभव पुरतो, ३४अब च्या नियमांत साधारण दहा वर्षांचा व्यावसायिक अनुभव मागितला गेला आहे. शिवाय परीक्षेच्या निमित्ताने अभ्यास होतो. पुढची उत्तरं मुख्यतः याच रस्त्याबद्दल आहेत.

३. शिक्षण किती लागतं?

जमीन आणि इमारत या वर्गासाठी सिव्हिल इंजिनीअरिंग, आर्किटेक्चर किंवा टाउन प्लॅनिंगची पदवी, आणि पदवीनंतर त्या क्षेत्रातला किमान पाच वर्षांचा अनुभव. याच विषयांत किंवा स्थावर मालमत्तेच्या मूल्यांकनात पदव्युत्तर शिक्षण झालं असेल तर त्यानंतरची तीन वर्षं पुरतात.

यंत्रसामग्री आणि रोखे-वित्तीय मालमत्ता हे दोन वर्ग वेगळे आहेत. पहिल्यासाठी मेकॅनिकल, इलेक्ट्रिकल, केमिकल अशा शाखा चालतात. दुसऱ्याकडे सीए, सीएस, कॉस्ट अकाउंटंट आणि वित्त विषयातले पदव्युत्तर लोक जातात. कारखान्याच्या मूल्यांकनात जमीन-शेडचा अहवाल एकाने आणि मशिनरीचा दुसऱ्याने दिलेला दिसतो तो त्यामुळेच.

४. माझा डिप्लोमा आहे आणि वीस वर्षांचा साइटचा अनुभव आहे. चालेल का?

आयबीबीआयच्या नोंदणीसाठी नुसता डिप्लोमा चालत नाही, अनुभव कितीही असला तरी. हे उत्तर द्यायला मला दर वेळी जड जातं, कारण बांधकाम ओळखण्यात अशी माणसं कित्येक पदवीधरांना मागे टाकतात. पण नियमात 'पदवी किंवा समतुल्य' असं आहे. इन्स्टिट्यूशन ऑफ इंजिनीअर्सची ए आणि बी सेक्शनची परीक्षा दिलेल्यांनी आपली नावनोंदणी ३१ मे २०१३ पर्यंतची आहे का ते तपासावं, कारण तिथपर्यंतच्या नोंदणीची समकक्षता मान्य झाली आहे.

डिप्लोमाधारकांना नोंदणीकृत व्हॅल्युअरच्या कार्यालयात पाहणी, मोजमापं आणि बाजारभावाच्या चौकशीचं काम मिळतं. अहवालावर सही मात्र नोंदणीकृत माणसाचीच.

५. अनुभव मूल्यांकनाचाच हवा का?

नाही. नियम 'त्या विद्याशाखेतला' अनुभव मागतो. साइट इंजिनीअर, डिझाइन, बिलिंग, ठेकेदारी, नगरपालिकेचा बांधकाम विभाग, आर्किटेक्टकडची नोकरी, हे सगळं धरलं जातं. अट एकच: तो पदवी हातात पडल्यानंतरचा असावा. शिकत असताना केलेलं काम जोडू नका.

अनुभवाचे दाखले आधीच गोळा करा. बंद पडलेल्या फर्मचा दाखला पाच वर्षांनी मिळवणं फार अवघड जातं. स्वतःचा व्यवसाय असेल तर कार्यादेश, करविवरणपत्रं आणि काम पूर्ण झाल्याचे दाखले वर्षवार लावून ठेवा.

६. मी सार्वजनिक बांधकाम खात्यातून निवृत्त होतोय. वयाची अडचण येईल का?

वयाची कमाल मर्यादा नाही, आणि सरकारी सेवेतला अनुभव चालतो. खरं तर खात्यात अंदाजपत्रकं आणि दरसूची हाताळलेल्या माणसाचा अर्धा अभ्यास झालेला असतो. त्याला नव्याने शिकावं लागतं ते अर्थशास्त्र, हिशेब आणि बाजार वाचणं. बांधायला किती खर्च आला हे त्याला बिनचूक सांगता येतं, पण खर्च आणि मूल्य एक नसतं. खेड्यात चाळीस लाख खर्चून बांधलेल्या बंगल्याला तिथे गिऱ्हाईकच नसेल, तर नुसती खर्चाची बेरीज मांडून भागत नाही.

७. नोकरी करत असताना हे करता येईल?

अभ्यासक्रम आणि परीक्षा नोकरीत राहून देता येतात. व्यवसाय मात्र पूर्णवेळ नोकरीसोबत करता येत नाही. नोंदणीकृत मूल्यांकनकाराने नोकरी धरली तर त्याला आपल्या मूल्यांकनकार संघटनेकडे (प्रश्न ८) आधी अर्ज करून सदस्यत्व तात्पुरतं स्थगित करून घ्यावं लागतं, आणि नोकरी सोडली की ते परत सुरू करता येतं. त्यामुळे परीक्षा कधी द्यायची हे ठरवताना नोकरी कधी सोडणार याचाही हिशेब करा. त्याचं कारण प्रश्न १० मध्ये आहे.

८. क्रमाने पायऱ्या कुठल्या, आणि खर्च किती?

आधी एखाद्या मान्यताप्राप्त नोंदणीकृत मूल्यांकनकार संघटनेचं, म्हणजे आरव्हीओचं सदस्य व्हायचं. आयओव्ही रजिस्टर्ड व्हॅल्युअर्स फाउंडेशन, पीव्हीएआय व्हॅल्युएशन प्रोफेशनल ऑर्गनायझेशन अशा बऱ्याच संस्था आहेत. प्रत्येकीला कुठल्या वर्गासाठी मान्यता आहे हे आयबीबीआयच्या संकेतस्थळावर दिसतं. मग त्या संस्थेचा ५० तासांचा अभ्यासक्रम. त्यानंतर आयबीबीआयची परीक्षा. पास झालात की संस्था तुमची शिफारस करते आणि 'नमुना अ' मध्ये अर्ज जातो. व्यक्तीसाठी अर्जाची फी ५,००० रुपये, ती परत मिळत नाही. कागदपत्रांत त्रुटी नसेल तर ६० दिवसांत नोंदणीचा निर्णय अपेक्षित असतो, त्रुटी पूर्ण करायला दिलेला वेळ त्यात धरत नाहीत. शेवटी संस्थेकडून व्यवसाय प्रमाणपत्र घ्यायचं, आणि मग काम सुरू.

सदस्यत्व, अभ्यासक्रम आणि परीक्षा यांची शुल्कं वेगवेगळी असतात. संस्था निवडताना फक्त शुल्क पाहू नका. तिथे शिकवतं कोण, ते स्वतः अहवाल लिहितात का, हे आधी विचारा. पन्नास तास नुसते वाचून दाखवणाऱ्या वर्गाचा पुढे काही उपयोग होत नाही.

९. परीक्षा कशी असते? मराठी माध्यमातून शिकलेल्याला जमेल का?

संगणकावरची, बहुपर्यायी, दोन तासांची. उत्तीर्ण व्हायला ६० टक्के गुण लागतात आणि चुकलेल्या उत्तराला त्या प्रश्नाच्या पाव भागाएवढे गुण वजा होतात. नापास झालात तर पुन्हा शुल्क भरून बसता येतं. प्रश्न इंग्रजीत असतात, पण ती तांत्रिक इंग्रजी आहे. पदवीची पुस्तकं वाचलेल्या माणसाला भाषा अडवत नाही.

अडवतात ते अनोळखी विषय. अभ्यासक्रमात अर्थशास्त्र, हिशेब, सांख्यिकी, पर्यावरण, सर्वसाधारण आणि स्थावर मालमत्तेचे कायदे, व्यावसायिक आचारसंहिता, मूल्यांकनाच्या पद्धती आणि उदाहरणांवर आधारित प्रश्न येतात. इंजिनीअर मंडळी पद्धतींवर खूप वेळ घालवतात आणि मालमत्ता हस्तांतरण कायदा किंवा भाडेपट्ट्याचे प्रकार सोडून देतात. मग तिथेच गुण जातात.

गणितं हाताने करून पाहा. एक साधं घ्या. १,००० चौरस फुटांचं बांधकाम, आज नव्याने बांधायला दर चौरस फुटाला २,००० रुपये, म्हणजे २० लाख. इमारतीचं एकूण आयुष्य ६० वर्षं, वय २० वर्षं, शेवटी उरणारं मूल्य १० टक्के. घसारा ९० टक्क्यांवर मोजायचा: ९० × २० ÷ ६०, म्हणजे ३० टक्के. २० लाखांतून ६ लाख वजा, बांधकामाचं मूल्य १४ लाख. त्यात जमिनीचं मूल्य मिळवायचं. आता हेच वय ३५ धरून करा, मग आयुष्य ५० धरून करा. आयुष्याचं गृहीतक किती फरक पाडतं ते आपोआप कळेल, आणि पुढे साइटवर गेल्यावर इमारतीचं उरलेलं आयुष्य तुम्ही गंभीरपणे ठरवाल.

१०. परीक्षा पास झालो, पण अर्ज लगेच केला नाही तर?

अर्जाच्या तारखेआधीच्या तीन वर्षांत परीक्षा उत्तीर्ण झालेली असली पाहिजे. तीन वर्षं उलटली तर परीक्षा पुन्हा द्यावी लागते. आणखी एक गोष्ट: परीक्षेला बसतानाच शिक्षण आणि अनुभवाची अट पूर्ण असावी लागते. 'आधी पास होतो, अनुभव नंतर पुरा करतो' हे चालत नाही.

११. नोंदणी झाली. काम येणार कुठून?

पहिलं वर्ष कठीण जातं, हे आधीच सांगतो. प्रमाणपत्र मिळालं म्हणून फोन वाजत नाही.

बहुतेकांची सुरुवात बँकांच्या पॅनलपासून होते. प्रत्येक बँकेचं मूल्यांकनाचं धोरण आणि पॅनलच्या अटी वेगळ्या असतात, अनुभव आणि मालमत्तेची किंमत यांनुसार वर्ग पाडलेले असतात. रिझर्व्ह बँकेच्या सूचनेनुसार ५० कोटी रुपये किंवा त्याहून जास्त मूल्याच्या मालमत्तेसाठी बँकांना किमान दोन स्वतंत्र अहवाल घ्यावे लागतात. इंडियन बँक्स असोसिएशन आणि राष्ट्रीय गृहनिर्माण बँक यांनी बँकांसाठी काढलेली स्थावर मालमत्ता मूल्यांकनाची हँडबुकही आहे. पॅनलच्या मुलाखतीला जाण्याआधी ती वाचा, कारण अहवालाचा साचा तिथून समजतो.

दुसरं काम प्राप्तिकराचं (प्रश्न १५). तिसरं दिवाळखोरी प्रक्रियेतलं. त्याशिवाय सरफेसी कायद्याखालच्या (थकीत कर्जासाठी बँकेने तारण मालमत्ता ताब्यात घेऊन विकण्याचा कायदा) लिलावाची राखीव किंमत, वाटणी, भागीदारी मोडणं, गृहनिर्माण संस्थेचा पुनर्विकास, व्हिसासाठीचा मालमत्तेचा दाखला. लहान सीए कार्यालयं आणि दिवाणी वकील यांच्याकडून येणारं काम संथ पण टिकाऊ असतं. नव्याने सुरुवात करणाऱ्याने एखाद्या अनुभवी व्हॅल्युअरच्या हाताखाली वर्षभर काढावं असं माझं ठाम मत आहे. नियम तसं सांगत नाही, पण काम सांगतं.

वार्षिक उलाढाल २० लाख रुपयांच्या वर गेली की जीएसटी नोंदणी लागते.

१२. रेडी रेकनर आहे की! मग मूल्यांकनकार कशाला हवा?

रेडी रेकनर, म्हणजे वार्षिक मूल्यदर तक्ते, नोंदणी महानिरीक्षक कार्यालय मुद्रांक शुल्कासाठी काढतं. एका मूल्य विभागातल्या एकाच प्रकारच्या सगळ्या मालमत्तांना तो एकच दर लावतो, आणि शुल्क वसुलीसाठी तसंच असावं लागतं. पण तुमच्या फ्लॅटच्या छतातून पाणी गळतं, इमारतीला भोगवटा प्रमाणपत्र नाही, समोरून विकास आराखड्यातला रस्ता जाणार आहे, यातलं काही त्या तक्त्याला माहीत नसतं.

अहवालात रेडी रेकनरचा दर जरूर लिहा. बँका मागतात, आणि तुमच्या आकड्यात आणि त्यात मोठी तफावत असेल तर कारण द्यावं लागतं. पण त्या दरालाच बाजारमूल्य म्हणून सही केलीत, तर तुम्ही मूल्यांकन केलंच नाही.

१३. बाजारभाव शोधायचा कसा? लोक खरा आकडा सांगत नाहीत.

नोंदणी विभागाच्या ई-सर्चमधून त्या भागातल्या व्यवहारांच्या इंडेक्स टू, म्हणजे नोंदवलेल्या दस्ताचा सारांश देणारे उतारे, पाहा. तारीख, क्षेत्रफळ, मोबदला आणि मजला उतरवून घ्या. मग शेजारच्या रहिवाशांशी, गृहनिर्माण संस्थेच्या सचिवांशी आणि किमान दोन-तीन एजंटांशी बोला. जाहिरातीतली किंमत ही मागणी असते, व्यवहार नव्हे. ती धरलीत तर तसं लिहा आणि वाटाघाटीची वजावट दाखवा.

सगळ्यात जास्त घोळ क्षेत्रफळात होतो. समजा शेजारचा फ्लॅट ७२ लाखांना गेला. एजंट म्हणतो '८५० फुटांचा', म्हणजे सुमारे ८,४७० रुपये फूट. इंडेक्स टू मध्ये चटई क्षेत्र (भिंतींच्या आतलं वापरायचं क्षेत्र) ६०० चौरस फूट आहे, म्हणजे १२,००० रुपये फूट. एजंटचा दर तुम्ही तुमच्या ६०० फूट चटई क्षेत्राच्या फ्लॅटला लावलात तर तो ५१ लाखांच्याही आत येतो. एकवीस लाखांचा फरक पडतो, आणि दोन्ही ठिकाणी गुणाकार बरोबर असतो. म्हणून दर लिहिताना तो चटई, बांधीव (भिंतींसह) की सुपर बिल्ट-अप (जिना, लिफ्ट अशा सामाईक जागेच्या हिश्शासह), हे प्रत्येक ओळीत लिहा.

१४. साइट व्हिजिटला काय पाहायचं? फोटो पाठवले तर चालत नाही का?

फोटोंवरून अहवाल देऊ नका. पाहणी कोणी आणि कधी केली हे अहवालात लिहावं लागतं, आणि ते खरं असलं पाहिजे.

आधी कागद: ७/१२ किंवा मालमत्ता पत्रक, इंडेक्स टू, मंजूर नकाशा, भोगवटा प्रमाणपत्र, मालमत्ता कराची पावती, शेतजमीन असेल तर ८अ, फेरफार आणि झोन दाखला. मग जागेवर चतुःसीमा जुळवा. ७/१२ वर एक गट आणि दाखवणारा माणूस उभा दुसऱ्याच गटात, असं मोकळ्या प्लॉटवर अनेकदा घडतं. मोजणीचा नकाशा मागा. रस्ता कागदावर आहे की नुसती वहिवाट, हे विचारा. टेप स्वतः लावा. ताबा कोणाकडे आहे ते पाहा, दारावरची पाटी आणि वीजबिलावरचं नाव जुळतं का ते बघा. बीमला तडे, गच्चीवरचं वॉटरप्रूफिंग, जिन्याखालची ओल, सळईचा गंज, यांचे फोटो तारखेसह काढा.

मूल्यांकनकार मालकीहक्काचा दाखला देत नाही, तो वकिलाच्या सर्च रिपोर्टचा विषय. पण समोर दिसणारी विसंगती न लिहिता सोडणं हाही दोषच.

१५. वडिलांनी १९८५ साली घेतलेल्या घरासाठी '२००१ ची किंमत' काढून हवी असते. आज पाहून तेव्हाची किंमत कशी सांगणार?

१ एप्रिल २००१ पूर्वी घेतलेल्या मालमत्तेला भांडवली नफ्यासाठी मूळ किमतीऐवजी त्या तारखेचं वाजवी बाजारमूल्य घेता येतं. हे काम सारखं येतं आणि त्यातले बारकावे खूप असतात.

मूल्यांकनाची तारीख २००१, म्हणून पुरावेही तेव्हाचे हवेत: २०००-०१ मधले नोंदवलेले व्यवहार आणि त्या काळचे रेडी रेकनर दर. इमारतीचं वय २००१ मधलं धरायचं, आजचं नव्हे. २००८ साली चढवलेला मजला यात येणार नाही, त्याचा खर्च सुधारणा म्हणून वेगळा दाखवला जातो. तेव्हा रस्ता कच्चा असेल तर तो कच्चाच धरायचा. आजचा उड्डाणपूल मनातून काढून टाकावा लागतो.

आणि एक मर्यादा आहे: जमीन-इमारतीसाठी त्या तारखेचं मुद्रांक शुल्क मूल्य उपलब्ध असेल तर वाजवी मूल्य त्याहून जास्त धरता येत नाही. २०२१-२२ या कर निर्धारण वर्षापासून हे लागू झालं. त्याआधी दिलेले अहवाल पाहून 'मित्राला जास्त मिळालं होतं' म्हणणाऱ्या ग्राहकाला ही तारीख दाखवा.

१६. पागडीची खोली, वर्ग २ ची जमीन, वाढीव बांधकाम: यांचं काय करायचं?

इथे घाई करू नका.

पागडीत एकाच खोलीत दोघांचे हितसंबंध असतात. घरमालकाकडे मालकी आणि तुटपुंजं भाडं, भाडेकरूकडे ताबा आणि महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा, १९९९ चं संरक्षण. मालकी फ्लॅटचा दर थेट लावला तर आकडा कुणाचाच होत नाही. कोणाच्या हिताचं मूल्य मागितलंय हे आधी ठरवा. भाडेकरूच्या बाजूने हस्तांतरणात मालकाला द्यावा लागणारा हिस्सा वजा होतो. मालकाच्या बाजूने भाड्याचं भांडवलीकरण (भाड्याच्या उत्पन्नावरून काढलेलं मूल्य), त्या हस्तांतरणातला हिस्सा आणि पुनर्विकासाची शक्यता मोजावी लागते. ती शक्यता कागदावर आहे की नुसती चर्चेत, यावर आकडा किती झुकवायचा ते ठरतं.

भोगवटादार वर्ग २ ची जमीन जिल्हाधिकाऱ्यांच्या परवानगीशिवाय विकता येत नाही. शेजारच्या वर्ग १ जमिनीचा दर घेऊन त्यातून नजराणा (परवानगीसाठी सरकारला भरायची रक्कम) किंवा वर्ग १ मध्ये रूपांतरणाची रक्कम, लागणारा वेळ आणि अनिश्चितता वजा करा. ७/१२ वर वर्ग लिहिलेला असतो, तरीही तो न वाचता काढलेले अहवाल माझ्या पाहण्यात आले आहेत, आणि त्यांच्यावर कर्ज दिलं गेलं की त्रास शेवटी शेतकऱ्यालाच होतो.

वाढीव, नकाशाबाहेरचं बांधकाम जागेवर आहे म्हणून लिहा आणि मोजा. बँकेच्या कामात मात्र साधारणपणे मंजूर नकाशातल्या क्षेत्राचंच मूल्य धरतात. दोन्ही क्षेत्रं वेगवेगळी दाखवा.

१७. ग्राहक म्हणतो, 'थोडं वाढवून द्या'. काय उत्तर द्यायचं?

नाही म्हणा. हवी ती किंमत बसवून देणाऱ्या मूल्यांकनाला आचारसंहितेत थेट मनाई आहे. काम यशस्वी झाल्यावर मिळणाऱ्या फीला आणि दुसऱ्याचं काम ओढून घेण्यालाही मनाई आहे. फी आधी लेखी ठरवा. आकडा कितीही येवो, फी तीच, हे ग्राहकाला पहिल्या दिवशी सांगितलं की पुढचा निम्मा दबाव येतच नाही.

ग्राहकाने नवा पुरावा आणला, समजा तुमच्या नजरेतून सुटलेला नोंदवलेला व्यवहार, तर तो जरूर तपासा आणि पटला तर आकडा बदला. पुराव्याने बदललेलं मत आणि विनंतीवरून बदललेला आकडा यांत फरक करता आला पाहिजे. फुगवलेल्या मूल्यावर कर्ज उचललं गेलं तर ते बुडाल्यावर ठेवीदारांचे पैसे जातात. हे मी नव्या मुलांना नेहमी सांगतो, कारण टेबलावर बसलेला ग्राहक दिसतो, ठेवीदार दिसत नाही.

१८. मेव्हण्याच्या फ्लॅटचा अहवाल देऊ शकतो का?

नको. कलम २४७ नुसार ज्या मालमत्तेत प्रत्यक्ष किंवा अप्रत्यक्ष हितसंबंध आहे तिचं मूल्यांकन करता येत नाही. नेमणुकीआधीची तीन वर्षं आणि मूल्यांकनानंतरची तीन वर्षंही त्यात मोजतात. म्हणजे आज ज्याचा अहवाल दिला तो प्लॉट पुढच्या वर्षी स्वतः विकत घेता येणार नाही. नात्याचा किंवा व्यवहाराचा नुसता संशय येईल तिथेही दुसऱ्या व्हॅल्युअरचं नाव सुचवा.

१९. दोन व्हॅल्युअरचे आकडे वेगळे आले. म्हणजे एक खोटा?

तसं नाही. मूल्य हे मत आहे. दोन प्रामाणिक माणसांच्या आकड्यांत पाच-दहा टक्क्यांचं अंतर स्वाभाविक आहे. कंपन्यांच्या दिवाळखोरी प्रक्रियेत साधारणपणे दोन नोंदणीकृत व्हॅल्युअर नेमतात, आणि मालमत्तेच्या एखाद्या वर्गाच्या लिक्विडेशन मूल्यात (कंपनी मोडीत काढून विकली तर येणारं मूल्य) २५ टक्के फरक आला तर तो लक्षणीय मानून तिसरा नेमण्याची तरतूद आहे.

अंतर मोठं असेल तेव्हा आधी तारीख, कारण आणि क्षेत्रफळ जुळवा. बहुतेक वेळा फरक तिथेच सापडतो (प्रश्न १३).

२०. अहवालात काय काय असावं, आणि कागद किती वर्षं ठेवायचे?

मूल्यांकनाचं कारण, नेमणुकीची, मूल्यांकनाची आणि अहवालाची तारीख, हितसंबंधाबाबतचा खुलासा, केलेली पाहणी, माहितीचे स्रोत, वापरलेली पद्धत आणि ती का वापरली, गृहीतकं, मर्यादा आणि निष्कर्ष. पानभर 'आम्ही जबाबदार नाही' लिहून सुटका होत नाही: ग्राहकाने पुरवलेल्या तथ्यांपुरती जबाबदारी मर्यादित करता येते, स्वतःच्या कौशल्याची झटकता येत नाही. कामाच्या नोंदी किमान तीन वर्षं ठेवायच्या. न्यायालयात जाऊ शकणाऱ्या कामाच्या मी त्याहून बऱ्याच जास्त ठेवायला सांगेन.

२१. अहवाल चुकला तर शिक्षा होते का?

प्रामाणिक मतभेदासाठी नाही. नियम मोडले तर दंड, नोंदणी स्थगित किंवा रद्द होणं. फसवणुकीच्या हेतूने केलं असेल तर कंपनी कायद्यात एक वर्षापर्यंत कैद आणि एक ते पाच लाख रुपये दंड आहे. प्राप्तिकर कायद्यातही चुकीची माहिती दिलेल्या प्रत्येक अहवालामागे १०,००० रुपये दंडाची तरतूद होती, आणि असा दंड झाला तर आयबीबीआयच्या नोंदणीला पाच वर्षं अडथळा येतो.

२२. फर्म किंवा कंपनीच्या नावाने नोंदणी होते का?

होते, 'नमुना ब' मध्ये, १०,००० रुपये फी भरून. किमान तीन भागीदार किंवा संचालक स्वतः नोंदणीकृत हवेत, तीनपेक्षा कमी असतील तर सगळेच. ज्या वर्गासाठी नोंदणी हवी त्या वर्गाचा किमान एक असावा लागतो. कंपनी दुसऱ्या कंपनीची उपकंपनी नसावी.

२३. हे प्रमाणपत्र परदेशात चालतं का?

चालत नाही. ही नोंदणी भारतीय कायद्याची आहे आणि ती भारतात राहणाऱ्यालाच मिळते. अमेरिकेत प्रत्येक राज्य स्वतः लायसन्स देतं, तिथे शिक्षणाचे तास आणि प्रत्यक्ष कामाचे तास असे दोन्ही भरावे लागतात. इथला अनुभव मुलाखतीत उपयोगी पडेल, परवाना म्हणून नाही.